भाषेकडून माध्यमाकडे : नील पोस्टमन यांच्या समीक्षेचा विचार

१

माध्यमांची समीक्षा हा समाजशास्त्राचा अथवा वृत्तपत्रविद्येचा विषय असून भाषाविज्ञानाशी तिचा संबंध दूरचा आहे, असे आपल्या विभागांतून सामान्यतः धरून चालतात. अमेरिकन समीक्षक नील पोस्टमन (१९३१–२००३) यांचे नाव विद्यार्थ्यांच्या कानी पडते तेही बहुधा टेलिव्हिजनचा एक कडवा टीकाकार म्हणून. आणि ‘अम्यूझिंग अवरसेल्व्ह्ज टू डेथ’ (१९८५) या एका पुस्तकापाशीच त्यांची ओळख थांबते. प्रस्तुत लेखात असे प्रतिपादन करावयाचे आहे की, पोस्टमन यांची माध्यमसमीक्षा हा मुळात भाषेविषयीच्या एका सिद्धान्ताचा विस्तार होय. त्या समीक्षेला बळ आले ते या सिद्धान्तातून, आणि तिच्यातील दुबळेपणाचे मूळही तेथेच आहे. ते बळ राखून दुबळेपण दूर करता येईल काय, हा प्रश्न भाषाविज्ञानाच्या अभ्यासकाने हाती घ्यावयास हवा. कारण त्याच्या उत्तराची सामग्री त्याच्याच शास्त्रात पडून आहे.

२

पोस्टमन यांचा जन्म न्यूयॉर्क येथे झाला. कोलंबिया विद्यापीठाच्या टीचर्स कॉलेजातून १९५८ साली त्यांनी शिक्षणशास्त्रातील डॉक्टरेट मिळविली, आणि १९५९ पासून न्यूयॉर्क विद्यापीठात प्रदीर्घ काळ अध्यापन केले. त्यांचे क्षेत्र इंग्रजीच्या अध्यापनाचे होते. ‘टेलिव्हिजन अँड द टीचिंग ऑफ इंग्लिश’ हे त्यांचे १९६१ मधील पुस्तक शाळेतील इंग्रजीच्या शिक्षकांसाठी लिहिलेले आहे. त्यानंतर चार्ल्स वाइनगार्टनर यांच्या सहकार्याने त्यांनी ‘लिंग्विस्टिक्स : अ रेव्होल्यूशन इन टीचिंग’ (१९६६) लिहिले. व्याकरणाच्या जुन्या नियमांच्या जागी नवे नियम आणून ठेवणे म्हणजे भाषाविज्ञान शिकविणे, ही समजूत त्यात खोडून काढली आहे. भाषेविषयी प्रश्न विचारण्याची, निरीक्षण करण्याची आणि आपलेच विधान तपासून पाहण्याची रीत म्हणजे भाषाविज्ञान, अशी या लेखकद्वयाची भूमिका आहे.

याच दोघांचे ‘टीचिंग ॲज अ सबव्हर्सिव्ह ॲक्टिव्हिटी’ (१९६९) हे पुस्तक शिक्षणक्षेत्रात गाजले ते त्यातील बंडखोरीमुळे. परंतु त्याचा गाभा भाषाविषयक आहे. माणूस जे पाहतो ते आपल्या भाषेच्या चौकटीतून पाहतो; तेव्हा कोणत्याही विषयाचे ज्ञान म्हणजे त्या विषयाच्या भाषेचे ज्ञान, आणि त्या भाषेचे भान नसलेला विद्यार्थी त्या विषयाचा कैदी होय, असा त्यातील युक्तिवाद आहे. सपीर (१८८४–१९३९) आणि व्होर्फ (१८९७–१९४१) यांचा भाषासापेक्षतेचा विचार या पुस्तकात उघडपणे वावरतो.

दुसरा प्रवाह सामान्य अर्थविचाराचा, म्हणजे आल्फ्रेड कोर्झिब्स्की यांनी १९३३ मध्ये मांडलेल्या ‘जनरल सिमँटिक्स’चा. शब्द म्हणजे वस्तू नव्हे, नकाशा म्हणजे प्रदेश नव्हे, हे या पंथाचे मूलसूत्र. एस. आय. हायाकावा यांनी १९४३ मध्ये सुरू केलेल्या ‘ईटीसी’ या त्या पंथाच्या नियतकालिकाचे संपादन पोस्टमन यांनी १९७६ ते १९८६ अशी दहा वर्षे केले. ‘क्रेझी टॉक, स्टुपिड टॉक’ (१९७६) हे पुस्तक त्याच काळातील. प्रत्येक उक्ती एका अर्थपरिसरात उच्चारली जाते. त्या परिसराला हेतू, भूमिका आणि सूर असतो. आपला हेतूच साधत नाही ते मूर्खपणाचे बोलणे, आणि हेतू तर साधतो पण हेतूच अनर्थकारक असतो ते वेडाचे बोलणे, असा भेद त्यांनी केला. दुसरा प्रकार त्यांना अधिक घातक वाटतो हे ध्यानात ठेवावे, कारण पुढे यंत्रांविषयीही ते हेच म्हणणार आहेत.

‘परिसर’ ही कल्पना भाषेकडून माध्यमाकडे नेण्याचे पाऊल त्यापूर्वीच पडले होते. माध्यमांचा परिसर म्हणून अभ्यास करणाऱ्या विद्येला त्यांनी १९६८ साली इंग्रजीच्या अध्यापकांसमोर केलेल्या भाषणात ‘मीडिया इकॉलॉजी’ हे नाव दिले, आणि १९७१ मध्ये न्यूयॉर्क विद्यापीठात त्या विषयाचा पदव्युत्तर अभ्यासक्रम सुरू केला. मार्शल मॅक्लुहान (१९११–१९८०) यांचे ऋण येथे उघड आहे. पण मॅक्लुहान सूत्रे फेकीत जातात, पोस्टमन युक्तिवाद करतात. त्यांचे गद्य स्वच्छ आहे, आणि वाचकाला त्यांच्याशी भांडता येते. त्यांना १९८६ मध्ये मिळालेला जॉर्ज ऑर्वेल पुरस्कार भाषेच्या स्वच्छतेबद्दलचाच होता.

३

१९६९ मध्ये शाळेने प्रस्थापिताला सुरुंग लावावा म्हणणाऱ्या पोस्टमन यांनी १९७९ मध्ये ‘टीचिंग ॲज अ कॉन्झर्व्हिंग ॲक्टिव्हिटी’ हे नेमक्या उलट नावाचे पुस्तक लिहिले. हा पक्षबदल आहे असे वरवर पाहणाऱ्यास वाटेल. परंतु दोन्ही पुस्तकांत शाळेचे कार्य एकच आहे : समाजात जे अतिरेकाला गेले असेल त्याला विरुद्ध दिशेने तोलून धरणे. खोली तापली की गार करणारे व गारठली की ऊब देणारे तापमान-नियंत्रक यंत्र दिशा बदलते. तत्त्व बदलत नाही. पोस्टमन यांच्या मते १९७९ च्या अमेरिकेत मुलांचा पहिला अभ्यासक्रम टेलिव्हिजन झाला होता आणि शाळा दुसऱ्या क्रमांकावर गेली होती. चित्र, वेग आणि तात्कालिकता यांचा पुरवठा पहिला अभ्यासक्रम भरपूर करीत असता दुसऱ्याने शब्द, सावकाशी आणि परंपरा यांचा सांभाळ करावा, हे ओघानेच येते.

‘द डिसअपिअरन्स ऑफ चाइल्डहुड’ (१९८२) मध्ये हा विचार इतिहासात शिरतो, आणि तीन वर्षांनी ‘अम्यूझिंग अवरसेल्व्ह्ज टू डेथ’मध्ये त्याची पूर्ण मांडणी होते. या दुसऱ्या पुस्तकाचे बीज १९८४ च्या फ्रँकफुर्ट ग्रंथमेळ्यातील त्यांच्या व्याख्यानात आहे. ते वर्ष ऑर्वेल यांच्या कादंबरीचे म्हणून जगभर चर्चिले जात होते. पोस्टमन यांचे म्हणणे असे पडले की, अमेरिकेपुरते तरी भाकीत खरे ठरले ते ऑल्डस हक्सली यांचे : लोकांना गप्प करण्यास दंडुका लागला नाही, करमणूक पुरली.

या पुस्तकाचा आधारस्तंभ म्हणजे माध्यम हे एक रूपक असते ही कल्पना. मॅक्लुहान यांनी माध्यमालाच संदेश म्हटले होते. पोस्टमन यांना हे मान्य नाही, कारण संदेश म्हणजे जगाविषयीचे निश्चित विधान, आणि माध्यम तसे विधान करीत नाही. भाषा ज्याप्रमाणे वास्तवाचे वर्गीकरण बोलणाऱ्याच्या नकळत करून ठेवते, त्याप्रमाणे माध्यमही करते. व्होर्फ यांनी भाषेविषयी जे म्हटले ते येथे माध्यमाला लावले आहे, हे भाषाविज्ञानाच्या विद्यार्थ्याला सांगावयास नको.

त्यांचे सर्वोत्तम निरीक्षणही भाषिकच आहे. अमेरिकन वृत्तनिवेदक दोन बातम्यांच्या मध्ये ‘आणि आता हे’ अशा अर्थाचे शब्द उच्चारतो. रूपाने हे उभयान्वयी अव्यय आहे. कार्य मात्र जोडण्याचे नसून तोडण्याचे आहे. आताच ऐकलेल्या खुनाचा किंवा भूकंपाचा पुढच्या जाहिरातीशी काही संबंध नाही, तो मनातून काढून टाका, असे ते सुचविते. एका अव्ययाच्या अर्थपालटावरून संपूर्ण प्रवचनाची घडण दाखवून देणे हे कसलेल्या भाषाभ्यासकाचे काम आहे.

४

आता आक्षेपांकडे वळू. पहिला आक्षेप संकेत आणि वाहिनी यांच्या गल्लतीचा आहे. पुस्तकाच्या प्रारंभीच पोस्टमन म्हणतात की, धुराच्या खुणांनी संदेश पाठविणाऱ्यांना त्या खुणांतून तत्त्वज्ञान मांडता येणार नाही. माध्यमाचे रूप आशयाला मर्यादा घालते. हे पटण्याजोगे वाटते, पण तारायंत्राचा दाखला घेऊन पाहावा. मोर्सच्या लिपीत एक टिंब आणि एक रेघ एवढीच सामग्री, म्हणजे धुराहून ती श्रीमंत नाही. तरीही तिच्यातून कोणतेही तत्त्वज्ञान अक्षरशः पाठविता येते, कारण ती खूण अर्थाची नसून अक्षराची आहे. ज्या संकेतव्यवस्थेत अर्थहीन घटकांतून अर्थपूर्ण घटक रचले जातात, जिला आंद्रे मार्तिने यांनी द्विस्तरीय संधी म्हटले, ती व्यवस्था वाहिनी कोणतीही असली तरी अमर्याद राहते. धुराची मर्यादा आहे ती संकेताची आणि खर्चाची. टेलिव्हिजन तर स्वतः भाषाच नव्हे. त्या वाहिनीतून चित्राबरोबर संपूर्ण मानवी भाषाही वाहते. तेव्हा टेलिव्हिजनवर विचार मांडणे अशक्य आहे, असे केवळ वाहिनीच्या स्वरूपावरून सिद्ध होत नाही.

दुसरा आक्षेप मूळ सिद्धान्ताबद्दलचा. भाषा विचाराला बांधून टाकते हे सापेक्षतावादाचे कडक रूप भाषाविज्ञानात टिकले नाही. बर्लिन आणि के यांच्या रंगवाचक शब्दांवरील १९६९ मधील अभ्यासानंतर तर, भाषा वास्तवाचे हवे तसे तुकडे पाडतात या मतालाच मोठा धक्का बसला. शाखेचा मूळ आधार खचत असता पोस्टमन त्या शाखेवर नवी इमारत उभारीत होते.

तिसरा आक्षेप त्यांच्याच एका उदाहरणातून निघतो. छापील अमेरिकेचे वैभव दाखविण्यासाठी ते १६ ऑक्टोबर १८५४ ची पिओरिया येथील सभा वर्णितात. डग्लस तीन तास बोलले; मग लिंकन यांनी श्रोत्यांना सांगितले की आता पाच वाजले आहेत, मलाही तेवढाच वेळ लागेल, आणि त्यावर डग्लस यांचे उत्तर व्हावयाचे आहे; तरी घरी जाऊन जेवून या. श्रोते गेले आणि परत आले. पोस्टमन म्हणतात, हे श्रोते आणि हे वक्ते ग्रंथाने घडविले होते. तेथील वाणी लिखिताच्या वळणाची होती. तसे असेलही. पण प्रदीर्घ वाणीचा उगम छापखान्यातच असतो, असे मात्र त्यावरून ठरत नाही. मराठी वाचकाला येथे कीर्तन आठवल्यावाचून राहणार नाही. नारदीय कीर्तनाच्या पूर्वरंगात एखाद्या पदाच्या आधारे सिद्धान्ताचे निरूपण होते, आणि उत्तररंगात त्याच सिद्धान्ताला आख्यानाने पुष्टी मिळते. ज्यांना अक्षर ठाऊक नाही असे श्रोते ते तासन्‌तास ऐकत आले आहेत. आणि त्यात गाणे, विनोद व अभिनय यांची रेलचेल असते. करमणूक आली की विचार गेलाच, असा नियम बांधता येत नाही, हे या एका परंपरेवरून दिसते.

हे तिन्ही आक्षेप मान्य केले तर पोस्टमन यांचे काय उरते? माझ्या मते पुष्कळच उरते. परंतु त्यासाठी त्यांचा आधार बदलून घ्यावा लागतो.

५

फ्रान्झ बोआस यांच्या विवेचनाचा धागा पुढे नेत रोमान याकोबसन यांनी १९५९ मध्ये, भाषांतराविषयीच्या निबंधात, एक मार्मिक भेद केला आहे. काय सांगता येते या बाबतीत भाषाभाषांत फारसे अंतर नसते. काय सांगावेच लागते, यात अंतर असते. आपल्या भाषेतील दाखला घेऊ. प्रमाण मराठीत ‘मी आलो’ किंवा ‘मी आले’ असे म्हणताना बोलणाऱ्याला आपले लिंग सांगावेच लागते. इंग्रजीत ते सांगता येते, पण सांगावे लागत नाही. ‘आपण जाऊ’ आणि ‘आम्ही जाऊ’ यांतून एक निवडताना ऐकणारा बरोबर आहे की नाही, हे मराठी माणसाला ठरवावेच लागते. इंग्रज माणसालाही हा भेद कळतो. पण त्याची भाषा त्याला दर वेळी तो करावयास लावीत नाही. ज्याची सक्ती असते त्याकडे लक्ष देण्याची सवय जडते, एवढाच माफक दावा येथे आहे. कडक सापेक्षतावाद ढासळला तरी हा दावा उभा राहतो.

हाच भेद माध्यमांना लावला की पोस्टमन यांची निरीक्षणे नव्या जागी पक्की बसतात. ते म्हणतात, अमेरिकेचे सत्ताविसावे अध्यक्ष विल्यम टाफ्ट यांचे वजन तीनशे पौंडांच्या वर होते. आजच्या टेलिव्हिजनच्या राज्यात असा उमेदवार पुढे येणेच कठीण. टाफ्ट यांचे विचार टेलिव्हिजनवर सांगता येणार नाहीत, असा याचा अर्थ घेतला तर ते चूक ठरेल. परंतु छापील पानावर विचार देहावाचून येऊ शकतो, आणि टेलिव्हिजनवर त्याला देह घेऊन यावेच लागते, असा अर्थ घेतला तर ते निर्विवाद आहे.

दुसरा दाखला २० नोव्हेंबर १९८३ चा. अण्वस्त्रांच्या संहारावरील ‘द डे आफ्टर’ हा चित्रपट एबीसी वाहिनीने दाखविला आणि त्यानंतर किसिंजर, मॅकनामारा, एली वीझेल, कार्ल सेगन इत्यादींची चर्चा घडवून आणली. पोस्टमन यांनी दाखवून दिले की प्रत्येकाने आपापले बोलणे बोलून घेतले. कोणी दुसऱ्याच्या मुद्द्याचा पाठपुरावा केला नाही, आणि कोणी थांबून ‘यावर मला विचार केला पाहिजे’ असे म्हटले नाही. मान्यवरांची बुद्धी तोकडी होती असे नाही. क्षणोक्षणी पडद्यावर काहीतरी घडलेच पाहिजे ही त्या व्यवस्थेची सक्ती, आणि विचारात पडलेला माणूस त्या क्षणी रिकामा दिसतो. मात्र येथे आणखी एक भेद करावा लागेल, आणि तो पोस्टमन करीत नाहीत. चेहऱ्याची सक्ती कॅमेऱ्याची आहे; क्षण न दवडण्याची सक्ती बव्हंशी जाहिरातीवर चालणाऱ्या अमेरिकन वाहिनीची आहे. पहिली यंत्राबरोबर सर्वत्र जाते. दुसरी समाजाने घातली आहे, आणि समाजाला ती काढता येते. कीर्तनात श्रोत्यांच्या उपस्थितीची सक्ती आहे, संक्षेपाची नाही; म्हणून तेथे गाणे आणि निरूपण एकत्र नांदतात.

बाल्याविषयीचा त्यांचा युक्तिवादही याच दृष्टीने वाचावा. मध्ययुगात बाल्याची कल्पनाच नव्हती, या फिलिप आरिएस यांच्या मतावर पोस्टमन फार विसंबले, आणि ते मत पुढे इतिहासकारांत वादग्रस्त ठरले. पण त्यांच्या युक्तिवादाचा कणा त्यावाचूनही ताठ राहतो. वाचावयाचे तर काही वर्षे शिकावेच लागते. पाहावयाचे तर काहीच शिकावे लागत नाही. पहिल्या सक्तीने मुले आणि मोठी माणसे यांच्यात एक उंबरठा निर्माण केला. ती सक्ती सुटली की मोठ्यांची गुपिते उंबरठ्याबाहेर राहत नाहीत.

६

पोस्टमन यांच्या उत्तरायुष्यातील ‘टेक्नोपोली’ (१९९२) हे पुस्तक टेलिव्हिजनपलीकडे जाते. अवजारे वापरणारी संस्कृती, यंत्रांशी झगडणारी संस्कृती आणि यंत्रांना शरण गेलेली संस्कृती, असे तीन टप्पे त्यात कल्पिले आहेत. या विभागणीत इतिहासाचे सुलभीकरण आहे. तथापि न दिसणाऱ्या तंत्रांवरील त्यातील प्रकरण आपल्या विद्यार्थ्यांनी अवश्य वाचावे. तेथे भारतातून पश्चिमेकडे गेलेले शून्य, संख्याशास्त्र आणि लोकमताची चाचणी यांच्या पंक्तीत खुद्द भाषेलाही तंत्र मानले आहे. प्रश्नाची घडण उत्तर कसे ठरविते, यासाठी ते दोन धर्मगुरूंची गोष्ट सांगतात. एकाने पोपना विचारले, प्रार्थना करताना धूम्रपान चालेल काय? उत्तर नकाराचे आले. दुसऱ्याने विचारले, धूम्रपान करताना प्रार्थना चालेल काय? उत्तर होकाराचे आले.

‘बिल्डिंग अ ब्रिज टु द एटीन्थ सेंचुरी’ (१९९९) या अखेरच्या काळातील पुस्तकात त्यांनी कोणत्याही नव्या तंत्राला विचारावयाचे सहा प्रश्न दिले. हे तंत्र कोणत्या अडचणीवरचा उपाय आहे, ती अडचण कोणाची, कोणाची हानी होईल, नव्या अडचणी कोणत्या, सत्ता कोणाच्या हाती जाईल, हे त्यांतील पाच. आणि सहावा असा की, हे तंत्र भाषेत कोणते बदल लादीत आहे, आणि त्यात लाभ कोणता व हानी कोणती. १९६६ मध्ये भाषाविज्ञानाच्या अध्यापनापासून निघालेला हा विचारवंत तेहेतीस वर्षांनी पुन्हा भाषेपाशी येतो, आणि प्रश्न विचारताना ‘लादीत आहे’ या सक्तीच्याच पदाचा आश्रय घेतो. आपण सुचविलेली दुरुस्ती त्यांच्या विचाराला परकी नाही, याचा हा पुरावा समजावा.

५ ऑक्टोबर २००३ रोजी पोस्टमन यांचे निधन झाले. खिशातील फोनवर संपूर्ण व्यवहार चालणारे जग त्यांनी पाहिले नाही. पण त्यांचा सहावा प्रश्न आपल्या अगदी जवळ येऊन ठेपला आहे. आपले अनेक विद्यार्थी परस्परांना मराठीत संदेश पाठवितात ते रोमन लिपीत. देवनागरीत ‘वेळ’ आणि ‘वेल’, ‘मन’ आणि ‘मण’ हा भेद लिहिणाऱ्याला करावाच लागतो. रोमन लिपीत अक्षरांखाली खुणा देऊन तो करता येतो. मात्र करावा लागत नाही, म्हणून कोणी करीत नाही, आणि अर्थ संदर्भावर सोपविला जातो. याने मराठी बुडेल असे म्हणणे ही कडक सापेक्षतावादाचीच पुनरावृत्ती होईल. कारण बोलताना तेच विद्यार्थी ‘ळ’ आणि ‘ण’ स्वच्छ उच्चारतात. यात काहीच घडत नाही असे म्हणणेही तितकेच अशास्त्रीय. एक अनिवार्य भेद ऐच्छिक झाला, एवढे निश्चित. तो कोणत्या लेखनप्रकारात झाला, कोणत्या वयोगटात झाला, आणि परीक्षेच्या उत्तरपत्रिकेपर्यंत तो पोहोचला आहे काय, हे मोजता येण्याजोगे प्रश्न आहेत.

ते मोजण्याचे काम माध्यमसमीक्षकाच्या हातून होणार नाही. त्याच्यापाशी ती साधने नाहीत. आपल्यापाशी आहेत. पोस्टमन यांचे अनेक निष्कर्ष सोडून देण्यास हरकत नाही. पण भाषाविज्ञान म्हणजे प्रश्न विचारण्याची रीत, हे त्यांचे १९६६ मधील म्हणणे खरे मानावयाचे असेल, तर त्यांचा शेवटचा प्रश्न आपल्या विभागाच्या संशोधनाच्या यादीत घालावा लागेल.